पाजोबा

आमच्या कोसमटोल्यात लोखंडाचा देव
विस्तवात राहत नाही.
विस्तव कोणीही पेटवतो, बाप म्हणायचा,
विडी ओढणारासुद्धा.
देव डोणीत असतो. ऐरणीच्या डाव्या हाताला
दगडाची ती डोणी, तळाशी काळा गाळ,
वर वीतभर पाणी,
त्यात पाजोबा.

नाव ऐकून पाव्हणे हसतात. हसू द्या.
दारूचा नाही, धारेचा देव आहे.

सुरुवातीला म्हणे सगळंच लाल होतं,
डोंगर, वाघाची नखं, बोरीचा काटा, बाईची जीभ,
लाल आणि मऊ.
कशानं काही कापलं जात नव्हतं,
नाळसुद्धा.
म्हणून पुरतं असं कोणी जन्मलंच नव्हतं.
मग पाजोबानं एकेकाला सांडशीत धरून
ओंजळीतलं पाणी पाजलं.
चर्र झालं.
तो पहिला शब्द. त्याचा अर्थ विचारायचा नसतो.

बाप, डोमा लोहार,
डाव्या भुवईवर केस न उगवणारा,
मी भाता ओढताना मला रंग शिकवायचा:
पळस फुलला का बुडव.
मग काढ, घास, थांब, पाहत राहा.
कुटाराचा रंग आला, विळा झाला.
पारव्याच्या मानेचा आला, कुऱ्हाड.
त्याच्या पुढं गेला का गेला,
पुन्हा पहिलीपासून त्याची शाळा.
आणि पाजताना अक्षर बोलायचं नाही.
"पाणी पेनाऱ्याले टोकू नाही, मा."

ज्या वैशाखात विहिरीचा दोर दोनदा वाढवला
त्या वैशाखात बिसन कापगतेच्या वखराची पास
भट्टीत होती.
बापानं ती बाहेर काढली, फुललेली,
आणि वळला
तर डोणीवर रोही.
निळा-राखाडी, खांद्यावर जुना चट्टा,
नाकपुड्यांना कोळशाचा चुरा लागलेला.
भट्टी हातभर लांब, तरी पीत होता.

मी भाता सोडून दगड उचलला.
बापानं नुसती मान हलवली.
सांडशीत पास. पळसाची गेरू झाली,
गेरूची वांगी,
मग नुसतं लोखंड.
रोही पीतच होता.
बिसन ओरडला, "अबे डोमा, माही पास मेली ना!"
बाप म्हणाला, "पेनाऱ्याले टोकू नाही."

मग रोहीनं मान वर केली.
हनुवटीवरून काळं पाणी गळलं.
आमच्याकडं पाहिलं, उगाच, बैल पाहतो तसं,
आणि तुरीच्या धसकटांतून निघून गेला.
डोणीत गाळ तेवढा उरला.

बिसनला दुसरी पास करून द्यावी लागली, फुकट.
आई आठ दिवस बापाशी बोलली नाही.
पहिली पास त्यानं डोणीच्या वर
खुंटीला टांगली.
तिला धार नाही. मातीत घातली तर
ढेकळाला शरण जाईल.
आमच्या देवाची मूर्ती म्हणाल तर तेवढीच.
शेंदूर लावत नाही, गंज पुरतो.

आता बाप नाही. माझ्याकडं वेल्डिंगचं मशीन आहे.
ट्रॅक्टरचे हुक, शाळेचं फाटक,
मोटरसायकलचे मोडके स्टँड,
यांतल्या कशालाच पाणी पाजावं लागत नाही.
तरी सकाळी डोणीत कळशीभर ओतते.
परवा ग्रामपंचायतीचा पोरगा वही घेऊन आला.
"हे डोनी काऊन ठेवली वं मावशी? मच्छर होते ना."
होतात. खरं आहे.
त्यानं तसं लिहून नेलं.

मी काच तोंडावर ओढली, फाटकाच्या कोपऱ्याला
ठिणगी लावली,
आणि मागं डोणीशी
काहीतरी लपलप पीत होतं.
कुत्रं असेल.
मी वळले नाही.